अपुंकेसरी

ज्या बाईला गाव वांझ म्हणायचं, ती आमच्या घरात सगळ्यांच्या आधी उठायची. सुभद्रा आत्या, माझ्या वडिलांची धाकटी बहीण. तिला पाथरीकडच्या एका गावात दिली होती. पाच वर्षं नांदली, पाळणा हलला नाही, म्हणून सासरच्यांनी एका सकाळी तिला एसटीत बसवून दिलं आणि तिच्या नवऱ्यानं, किसनराव पैलवानानं, लगोलग दुसरी बायको आणली. एक बायको असताना दुसरी करायला कायद्यानं बंदी तेव्हाही होती; पण आमच्या भागात कायदा एसटीनं यायचा आणि ती एसटी बहुधा वाटेतच नादुरुस्त व्हायची. दुसरी बायको सहा वर्षं नांदली, तिलाही काही झालं नाही. बायका दोन, नवरा एक, लेकरं शून्य. हे गणित चौथीतल्या पोरीलाही सुटावं. पण दोन्ही गावांतल्या शहाण्या माणसांनी पारावर बसून, पानं खाऊन, नीट विचार करून वेगळंच उत्तर काढलं. बिचाऱ्या किसनरावाचं नशीब फुटकं, त्याला दोन्ही वांझच भेटल्या.

आमचं गाव पेडगावच्या जवळ, रुळापासून दोन शेतं आत. परभणीकडून येणाऱ्या पॅसेंजरची शिट्टी ऐकली की माय तवा चुलीवर ठेवायची, आणि गाडी स्टेशन सोडायची तोवर पहिली भाकर टोपल्यात पडलेली असायची. गाडी तास-दीड तास उशिरा आली की आमचं जेवणही तितकंच मागं जायचं. घरात घड्याळ होतं, पण मायचा रेल्वेवर जास्त भरवसा. रेल्वेनं तो कधी सार्थ केला नाही, ही गोष्ट वेगळी. गावाच्या कडेला पिठाची गिरणी होती, तिच्या धुराड्याचा टुक टुक आवाज दिवसभर यायचा, आणि तो थांबला की गाव एकदम बहिरं झाल्यासारखं वाटायचं. जेवायला भाकर, अंबाडीची भाजी, नाहीतर येसराची, म्हणजे भाजून दळलेल्या धान्य-मसाल्याच्या पिठाची, आमटी. आमटी आत्याच करायची. तिच्या हातच्या येसराचा वास गल्लीत गेला की ज्या बायका तिला हळदीकुंकवाला बोलवायला विसरायच्या, त्यांना वाटीभर आमटी मागायची आठवण मात्र बरोबर व्हायची. आत्या देई. माय आतून भांडी आपटी. "आजून वाढ," माय म्हणायची, "पातेलंच देऊन टाक. वांझ हाताची आमटी कशी गोड लागती बगा ह्यांना!" मायची जीभ अशी होती, पण माझ्या पाठच्या भावाच्या वेळी शेजारणींनी सांगितलं होतं की सुभद्राला बाळाला हात लावू देऊ नको, तेव्हा मायनं त्यांच्या देखत बाळ उचललं आणि आत्याच्या मांडीवर टाकलं होतं.

दादा, म्हणजे माझे वडील, बोलायचे नाहीत. त्यांची पाच एकर जमीन होती आणि दिवसाकाठी त्यांचे पाच शब्द होत असतील, एकराला एक. बहीण घरी आली त्या दिवशी त्यांनी तिची पिशवी खुंटीला अडकवली आणि बैलांना पाणी पाजायला गेले. तो विषय त्यांच्या परीनं तिथं संपला.

त्या काळात गावातल्या बापूसाहेबांच्या शेतात बियाण्याच्या कपाशीचा प्लॉट होता. संकरित सरकी तयार करायचं काम, आणि ते सगळं बायकांच्या बोटांवर. कपाशीच्या फुलात नर आणि मादी दोन्ही भाग एकत्र असतात. दुपारी फिरून उद्या उमलणारी कळी हेरायची, अंगठ्याच्या नखानं ती सोलायची, आतला नराचा पिवळा झुपका खरवडून काढायचा, मधली दांडी मात्र शाबूत ठेवायची, आणि खुणेला लाल दोरा बांधायचा. दुसऱ्या दिवशी सकाळी शेजारच्या वाफ्यातलं दुसऱ्या जातीचं फूल आणून त्या दांडीवर घासायचं. त्यातून बोंड धरलं की सरकी कंपनीची. पोळ्यापासून दिवाळीपर्यंत हे चालायचं. त्यासाठी अंगठ्याचं नख वाढवावं लागे. शहरात बायका नखं कशासाठी वाढवतात ते मला फार पुढं कळलं. आमच्याकडं नराला काढून टाकायला वाढवत.

आत्या प्लॉटवर आली तेव्हा बाकीच्या बायका कुजबुजल्या, हिच्या हातानं फळ कसं धरणार? एकीनं तर मुकादमाला जाऊन सांगितलं. मुकादमानं आत्याला कडेच्या, पाणी साचणाऱ्या ओळी दिल्या. पंधरा दिवसांनी बोंडं दिसायला लागली, तेव्हा सगळ्यात दाट त्याच ओळींत होती. यावर त्या बायकांनी आपलं मत बदललं असं कुणाला वाटेल. छे. त्या म्हणाल्या, जमीनच तिथली लय चांगली.

प्लॉटवर देखरेखीला कंपनीचे लोखंडे साहेब यायचे. अंगानं काटकुळे, सायकलवर, डोक्याला रुमाल. त्यांना एकच व्यसन होतं, शुद्ध मराठी शास्त्रीय शब्दांचं. कळी सोलायच्या कामाला ते विपुंसीकरण म्हणायचे. "आज विपुंसीकरण कुठपर्यंत आलं?" असं त्यांनी विचारलं की बायका पदर तोंडाला लावून हसायच्या आणि म्हणायच्या, "खच्ची करणं त्या वळीपस्तोर झालं, साहेब." साहेबांचे कान लाल व्हायचे. त्यांनी अशा शब्दांची एक वही केली होती, आणि मला वाचायचं वेड आहे हे पाहून एकदा ती मला वाचायला दिली. मी दहावीत. शाळेत सकाळी हजेरी लावायची आणि दुपारी प्लॉटवर. शाळेत फुलाचा धडा आला तेव्हा आमच्या सरांनी फळ्यावर फूल काढलं, पाकळ्या दाखवल्या, देठ दाखवला, मग मुलींच्या बाकांकडं बघून खडू खाली ठेवला आणि म्हणाले, "आतलं घरी वाचून या." त्या बाकांवरच्या निम्म्या मुली आदल्या दुपारी दीड-दोनशे फुलांचं आतलं नखानं काढून आल्या होत्या. आम्ही माना खाली घालून लाजलो. सरांना बरं वाटावं म्हणून तेवढं करावं लागतं.

मी पुढं आयुष्यभर जीवशास्त्र शिकवलं, पण फुलाचा खरा धडा माझा झाला तो बापूसाहेबांच्या बांधावर. एका दुपारी भाकरी खाऊन बायका बाभळीखाली बसल्या होत्या. साहेबांनी बांधावरच्या भोपळ्याच्या वेलाची दोन फुलं तोडून आणली. एकाच्या बुडाला लिंबाएवढा भोपळा होता, दुसरं नुसत्या देठावर.

"हे बघा," साहेब म्हणाले. "ह्या देठावरच्या फुलात पिवळी पूड आहे. पराग. हे नर. आणि ह्या दुसऱ्या फुलात नराचा भाग मुळातच नाही, पुंकेसर नाहीत. म्हणून ह्याला म्हणायचं अपुंकेसरी."

"काय केसरी?" कुणीतरी विचारलं.

"अ, पुं, केसरी. तुम्ही कपाशीला हातानं करता ते ह्याच्यात जन्मजातच आहे."

"नर न्हाई, तर मंग भोपळा कसा धरायलाय?" आत्यानं विचारलं. ती सहसा असल्या वेळी बोलत नसे.

"मादी भाग धडधाकट आहे ना. पराग दुसरीकडून आला की झालं." साहेबांना असा प्रश्न वर्षातून एखादाच मिळत असावा. ते खुलले. "ज्वारीच्या बियाण्यात तर आणखी गंमत. तिथं मादी ओळ असते. तिच्या फुलात नराचा भाग दिसायला असतो, पण आत पराग नसतो. नुसती पोकळ पिशवी. तिला नरवंध्य म्हणतात."

आत्यानं हातातली भाकर खाली ठेवली. "नरवंध्य. म्हंजी वांझ तो हाय?"

"त्या ओळीची नर बाजू, हो."

"आन् मादी?"

"मादी चांगली. दुसऱ्याचा पराग पडला की कणीस भरतं."

"आन् त्या पोकळ पिशवीवाल्याच्या नादानं बसली तर?"

"तर मग," साहेब म्हणाले, "जन्मभर रिकामी."

आत्यानं सरळ विचारलं, "साहेब, माणसात बी आसं असतं का?"

साहेबांचे कान लाल झाले. "माझा विषय वनस्पती आहे," ते म्हणाले आणि सायकलकडं निघाले. दहा पावलं जाऊन परत आले. आत्याकडं न बघता, कपाशीकडं बघत म्हणाले, "असतं. दवाखान्यात तपासता येतं. दोघांनाही तपासायला पाहिजे, बाई." मग गेले. आत्याला तोवर कुणीच तपासलं नव्हतं. अंगारे, दोरे, उपास, एका बाबानं दिलेला नारळ, एवढे उपचार झाले होते. किसनरावावर एकही झाला नव्हता. तो पैलवान होता, त्याला कशाला?

त्या दिवशी घरी येताना आत्या माझ्या पुढं चालत होती. ओढ्यात पाय धुवायला थांबली आणि पाठमोरीच म्हणाली, "सुमे, अकरा वर्षं." नांदण्याची पाच आणि आमच्या घरातली सहा. घरी आली, येसराची आमटी केली, आणि त्या दिवशी वाटी घेऊन आलेल्या शेजारणीला पहिल्यांदाच म्हणाली, "संपली."

दिवाळीनंतर किसनराव आमच्या घरी आला. सोबत त्याचा थोरला भाऊ. आत्याच्या नवऱ्याला आमच्याकडं मामा म्हणतात, म्हणून मीही म्हणाले, "या मामा." मामा अंगानं आडवातिडवा, कान पैलवानासारखे सुजलेले. पंचक्रोशीच्या जत्रांत त्यानं कुस्त्या मारल्या होत्या. किती जिंकल्या हे ज्याचं त्यानं ठरवायचं. त्याला तिसरं लग्न करायचं होतं. पूर्णेकडची मुलगी ठरत होती, आणि मुलीच्या बापानं अट घातली होती की आधीच्या बायकांचा कागद करून आणा. दुसऱ्या बायकोचं नंतर बघू, आधी पहिलीची सोडचिठ्ठी घ्यावी, असं ठरवून दोघं भाऊ कोरा स्टॅम्पपेपर घेऊन आले होते. गावातले लिहिणारे गुरुजी परभणीला गेलेले. थोरला म्हणाला, "पोरगी शाळंत जाती ना? तीच लिवंल. मी सांगतो."

मी ओसरीवर पाटावर बसले. दादा खांबाला टेकून. माय आत, पण कान बाहेर. आत्या उंबऱ्यावर. थोरल्यानं डोळे मिटून सुरुवात केली. त्याला कचेरीतली भाषा येते असा त्याचा समज होता. "लिव. लिहून घेणार किसनराव, लिहून देणार सुभद्राबाई, कारणे सोडचिठ्ठी लिहून देते ऐसीजे. माझे अंगी वांझपण असल्याकारणाने..."

"थांब," आत्या म्हणाली.

माझा टाक थांबला. मला वाटलं, आता ही रडणार.

"सोडचिठ्ठी देते," आत्या म्हणाली. "राजीखुशीनं देते, अंगठा बी देते. काई मागत न्हाई. फकस्त ती एक वळ मी सांगणार."

"कामून?" थोरला म्हणाला. "खरं तेच लिवायलाव."

"खरं काय ते तुमाला बी ठाव न्हाई आन् मला बी न्हाई. दोन गावांनी तोंडानं बोलून घेतलं, कागदावर नगं." मग तिनं पदर नीट केला आणि आवाज असा मऊ केला की मला तिची भीती वाटली. "आन् भावजी, उद्या हा कागद नव्या सोयऱ्यांच्या हातात जायचाय. त्यात तुमच्या भावाचं नाव मोठं दिसलं पायजे का न्हाई? ते पैलवान माणूस. सुमे, साहेबांच्या वहीत तो केसरी शब्द हाय बग. तो लिव."

मी तिच्याकडं बघितलं. तिनं बघितलं नाही.

"कोणचा केसरी?" किसनरावानं मान वर केली. इतका वेळ तो बैलांकडं बघत होता.

"अपुंकेसरी," आत्या म्हणाली. तीन आठवडे मनात घोळवलेला शब्द असावा, एकदाही जीभ अडखळली नाही. "तुमी लंगोट बांधला, आखाडा धरला, बाईमाणसापासून लांब ऱ्हायलात. केसरी माणसाला संसाराचं काय ध्यान? म्हणून लेकरू झालं न्हाई, आसं लिवू. दोष कुणाचाच न्हाई."

किसनरावाची छाती शर्टाच्या गुंड्यांना जड व्हायला लागली. थोरला जरा सावध होता. "केसरी समजलं. पर आधी ते 'अपुं' काय हाय?"

सगळे माझ्याकडं बघायला लागले. मी म्हणाले, "संस्कृत हाय."

यात मी काही खोटं बोलले नाही. आणि आमच्याकडं संस्कृत म्हटलं की पुढचा प्रश्न कुणी विचारत नाही. लग्नात, श्राद्धात, कशातही. थोरल्यानं मान डोलावली. मी शाळेत बक्षीस मिळालेल्या अक्षरात लिहिलं: पती किसनराव हे अपुंकेसरी असल्याकारणाने उभयतांस अपत्य झाले नाही, यात पत्नीचा काही एक दोष नाही, सबब राजीखुशीने व अक्कलहुशारीने ही सोडचिठ्ठी. किसनरावानं ते दोनदा वाचून घेतलं. दुसऱ्यांदा म्हणाला, "त्या शब्दावर जरा जोर दे." मी दिला. मग त्यानं ठळक सही केली, सहीपुढं 'पैलवान' लिहिलं. आत्यानं अंगठा शाईत बुडवला. नख इतकं वाढलेलं की ठसा नीट उठावा म्हणून तिला अंगठा कागदावर आडवा लोळवावा लागला. शेवटी साक्षीदार म्हणून दादा. दादा तिसरीपर्यंत शिकलेले. त्यांनी कागद हातात घेऊन एकेका शब्दाखाली बोट सरकवलं, त्या ओळीवर बोट थांबलं, त्यांनी बहिणीकडं बघितलं. ती बाहेर तुळशीकडं बघत होती. दादांनी सही केली. माय आतून चहा घेऊन आली आणि पाहुण्यांच्या चहात, मला पक्कं माहीत आहे, तिनं दोन चमचे साखर जास्त घातली होती.

इथं एक कबुली द्यायला हवी, कारण मी इतकी वर्षं मुलांच्या उत्तरपत्रिका तपासल्या आहेत. माणसाला अपुंकेसरी म्हणणं शास्त्राला धरून नाही. तो शब्द फुलाचा. किसनरावाच्या बाबतीत फार तर नरवंध्य म्हणता आलं असतं, आणि तेही तपासल्यावर. एखाद्या विद्यार्थ्यानं असं लिहिलं असतं तर मी अर्धा गुण कापला असता. मांडणीचा मात्र पूर्ण दिला असता.

पुढं काय झालं ते आम्हाला नंतर किसनरावाच्या दुसऱ्या बायकोकडून कळलं. पूर्णेकडच्या सोयऱ्यांची बैठक बसली. किसनरावानं कागद मुलीच्या बापाच्या हातात दिला. बापानं तो आपल्या मुलाकडं दिला. मुलगा कृषी विद्यालयात शिकत होता. आमच्या जिल्ह्यात ह्या शिक्षणाचा इतका थेट उपयोग फार थोड्यांना झाला असेल. त्यानं मनात वाचलं आणि कागदाची घडी घातली. किसनरावाला ते पटेना. तो म्हणाला, "मनात कामून वाचायलाव? मोठ्यानं वाचा की. त्यात आमचा किताब लिवलाय." मुलानं विचारलं, "नक्की वाचू?" किसनराव म्हणाला, "सगळ्यांना ऐकू गेलं पायजे." मग त्यानं वाचलं, आणि कुणीतरी अर्थ विचारला म्हणून भोपळ्याच्या फुलासकट समजावूनही सांगितलं. बैठकीतले पोहे तसेच राहिले. लग्न मोडलं. ती मुलगी माझ्याहून दोन वर्षांनीच मोठी होती म्हणतात. मी तिला कधी बघितलं नाही.

चौथ्या दिवशी भर दुपारी आमच्या दारात जीप उभी राहिली. किसनराव, थोरला आणि आणखी तिघं. गल्ली गोळा झाली. आमटीची वाटी घेऊन येणाऱ्या सगळ्या हजर होत्या. किसनराव कागद हवेत नाचवत ओरडला, "ह्या पोरीनं माझी अब्रू काढली! काय लिवलंय हे?"

दादा गोठ्यातून आले, हाताला शेण. मला म्हणाले, "काय लिवलंस?"

मला वाटलं, आता आपल्याला मार बसणार. पण शब्दाचा अर्थ विचारला की सांगायचा, एवढं शाळेनं शिकवलं होतं. मी सांगितलं. मोठ्यानं, जोर देऊन. गल्लीत मागं कुणीतरी फसकन हसलं.

"खोटं हाय!" किसनराव म्हणाला.

"आसंल," दादा म्हणाले. "मंग चला."

"कुठं?"

"परभणीला. सरकारी दवाखान्यात. जीप तुमचीच हाय. तुमी बसा, माझी बहीण बी बसंल. दोघांला तपासू द्या. तिच्यात दोष निघाला तर ह्याच गल्लीत मी तुमच्या पायावर डोकं ठेवतो आन् कागद पोरीकडून नवा लिवून देतो." दादांचे आठवड्याचे शब्द तिथं एकदम खर्च झाले.

आत्या उंबऱ्यावरून खाली उतरली, चपला घातल्या आणि चालत जाऊन जीपच्या मागच्या सीटवर बसली. मांडीवर हात ठेवून, समोर बघत. बाजाराला निघाल्यासारखी. "या की," ती म्हणाली.

किसनराव जीपकडं बघत उभा राहिला. ड्रायव्हरनं गाडी चालू केली, बहुतेक चुकून. सुजलेल्या कानांचा तो एवढा मोठा माणूस स्वतःच्याच जीपला हात लावेना. मग थोरल्यानं त्याच्या दंडाला धरलं आणि म्हणाला, "उन लय झालंय. चल." पण जीपमध्ये तर आत्या बसलेली. तिला उतर म्हणायची कुणाचीच छाती होईना. शेवटी पाचही जण पायी पेडगाव स्टेशनच्या वाटेला लागले. ड्रायव्हर जरा वेळ थांबला, मग म्हणाला, "मावशी, मी जाऊ का?" आत्या उतरली तेव्हा मायनं तिला धरून आत नेलं. आत गेल्यावर ती रडली. मोठ्यानं, तोंड उघडून, तासभर. मी तिला त्याआधी रडताना ऐकलं नव्हतं. गल्ली बाहेर उभी राहून ऐकत होती, तेव्हा मायनं दार लावून घेतलं.

दादा तीन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. म्हणजे नेहमीसारखेच होते, पण मला ते वेगळं वाटत होतं. चौथ्या दिवशी जेवताना ताटाकडं बघत म्हणाले, "अक्षर चांगलं हाय तुजं." बास. दहावीनंतर मला परभणीला कॉलेजात घालायला निघाले तेव्हा कारणही त्यांनी हेच सांगितलं. गावात काही दिवस माझं नाव 'कागदवाली' पडलं आणि आत्याला कुणी वांझ म्हणेनासं झालं. गावानं चूक कबूल केली असं समजू नका. फक्त कागदाची धास्ती घेतली.

कपाशीची शेवटची वेचणी चालली होती तेव्हा एका सकाळी पॅसेंजरमधून एक बाई उतरून आमच्या दारात आली. हडकलेली, हातात कापडी पिशवी. ती चंद्रकला, किसनरावाची दुसरी. आत्या आणि ती एकमेकींना पहिल्यांदाच बघत होत्या. बैठकीनंतर किसनरावानं सगळा राग तिच्यावर काढला होता. तिच्या कपाळाला खोक होती. तिला सोडायला कागद लागत नव्हता, कारण धरायलाही कुठं लागला होता? पण ती म्हणाली, "अक्का, भाऊ माहेरी घेत न्हाई. म्हणतो, वांझेला कुठं ठेवू. मला बी तसा एक कागद लिवून द्या."

आत्यानं आधी तिला भाकर वाढली. मग माझ्याकडं बघितलं. मी ह्या वेळी नीट लिहिलं, कुठलाही अवघड शब्द न घालता: दोन बायका, एक नवरा, दोघींनाही मूल नाही, नवऱ्यानं तपासून घ्यायला नकार दिला, साक्षीला अख्खी गल्ली. खाली दादांनी न सांगता सही केली आणि कागद घेऊन चंद्रकलेबरोबर तिच्या भावाकडं स्वतः गेले. तिथं काय बोलले ते त्यांनी सांगितलं नाही, पण भावानं तिला ठेवून घेतलं, आणि दोन वर्षांनी पूर्णेच्या रेल्वेत काम करणाऱ्या एका विधुराशी तिचं लग्न लावून दिलं.

वर्षभरात तिला मुलगा झाला. आत्याच्या बाबतीत खरं काय होतं, ते मात्र कुणाला कधीच कळलं नाही. तिनं पुन्हा लग्न केलं नाही. कुणी विचारायला आलंही नाही. याच्यावर मला काही तिरकस सुचत नाही.

बारशाचं बोलावणं आलं, तेव्हा आत्या दोन दिवस जायचं नाही म्हणत होती. तिसऱ्या दिवशी तिनं लुगडं धुतलं. आम्ही पूर्णेला गेलो. रेल्वेच्या क्वार्टरमध्ये बायकांची दाटी, घुगऱ्यांचा वास, बाहेर इंजिनांची ये-जा. नाव ठेवायला बाळाची आत्या लागते. चंद्रकलेच्या नवऱ्याला बहीण नव्हती. चंद्रकला सगळ्यांच्या देखत म्हणाली, "अक्का, तुमी या पुढं." एक-दोघींनी एकमेकींकडं बघितलं. हिला गाव वांझ म्हणायचं, हे त्यांना माहीत असावं. आत्या जागची हलेना, तेव्हा चंद्रकलेनंच बाळ उचलून तिच्या हातात दिलं.

आत्यानं ते पाळण्यात ठेवलं आणि वाकली. नाव कानात हळू सांगायचं असतं, ते सगळ्यांना ठाऊक असतं. पण नेमकं बाहेर इंजिन शिट्टी मारायला लागलं, आणि आत्यानं त्याच्यावर आवाज चढवून नाव असं सांगितलं की ते चार क्वार्टरं पलीकडं गेलं. बायका कुर्रर्र करत तिच्या पाठीत थापा घालायचंच विसरल्या. बाळ दचकून टाहो फोडायला लागलं. चंद्रकलेची सासू घाईनं पुढं आली, "अगं बाई, रडवलं की!"

आत्या पाळण्याची दोरी धरून उभी होती. "रडू द्या," ती म्हणाली. "ऐकू आलं म्हंजी त्याला."